आईला संवाद वाचू द्या

माननीय केंद्रीय माहिती व प्रसारण मंत्री महोदय,

सादर नमस्कार.

रात्री साडेदहाला सदाशिव पेठेतल्या आमच्या घरात टीव्हीचा आवाज इतका चढतो की खालच्या मजल्यावर संवाद ऐकू जातात. आई ७६ वर्षांची आहे. कानाला मशीन आहे. पण मालिकेत पार्श्वसंगीत वाजायला लागलं की मशीनमध्ये नुसता गलका होतो. मग ती माझा दंड धरून विचारते, “काय म्हणाली गं ती?” मी सांगेपर्यंत पुढची दोन वाक्यं निघून गेलेली असतात.

‘क्योंकि सास भी कभी बहू थी’ जुलै २००० मध्ये सुरू झाली, तेव्हा आईचे कान शाबूत होते. २०२५च्या जुलैमध्ये मालिका परत आली. मधल्या काळात हिंदी मालिका प्रेक्षकांबरोबर खरंच बदलल्या. ‘बालिका वधू’ बालविवाहावर बोलली. २०२० मध्ये आलेल्या ‘अनुपमा’त मुलं मोठी झालेली बाई नवऱ्यापासून घटस्फोट घेते. (मूळ कथा बंगाली मालिकेची, मराठीत ‘आई कुठे काय करते’मधून ती आमच्याकडे आधीच पोचली होती.) घटस्फोटाचा विषय निघाला की पूर्वी आई उठून स्वयंपाकघरात जायची. अनुपमाच्या वेळी मात्र पदराने डोळे पुसत म्हणाली, “बरं केलं हो तिनं.” मला ते फार मोलाचं वाटतं.

गोष्टी बदलल्या, पण वर्षानुवर्षं त्या पाहणाऱ्या बायकांचे कान आता थकलेत, याचा विचार कोणी केला?

आपल्याच मंत्रालयाने सप्टेंबर २०१९ मध्ये कर्णबधिरांसाठी टीव्ही कार्यक्रमांचे निकष जाहीर केले. त्यात मनोरंजन वाहिन्यांनी संवाद पडद्यावर लिहून किंवा खुणांच्या भाषेत द्यायला आठवड्याला किमान एका कार्यक्रमापासून सुरुवात करायची होती. मालिका रोज लागते, साहेब. आठवड्यातून एकदा ऐकू आलेलं कथानक काय कामाचं?

माझी मागणी एकच आहे: रोजच्या प्रत्येक हिंदी मालिकेत संवाद देवनागरीत खाली उमटावेत, हे बंधनकारक करा. संवाद लिहिल्याशिवाय चित्रीकरण होत नाही, म्हणजे मजकूर हाताशी असतोच. दूरदर्शनच्या ‘चित्रहार’मध्ये गाण्यांचे शब्द पडद्यावर आम्ही वाचलेले आहेत. आईला हिंदी बोलायला जड जातं, पण वाचायला नाही. लिपी तिचीच आहे.

परवा खालच्या काकूंनी आवाजाबद्दल सांगितलं. त्या रात्री आईने रिमोट घेऊन आवाज पूर्ण बंद केला आणि अर्धा तास नुसते चेहरे पाहत बसली.

आपली नम्र,
एक प्रेक्षक, सदाशिव पेठ, पुणे