यात्रेच्या मांडवात पक्षाचा प्रचार नको

महोदय,

जत्रेत किंवा उरुसात कुणी मतं मागितली की लोक आचारसंहितेकडे बोट दाखवतात. ती निवडणुकीपुरतीच असते. धार्मिक संस्था (गैरवापर प्रतिबंध) कायदा, १९८८ मात्र बारमाही लागू आहे आणि स्थानिक स्वराज्य संस्थांच्या उमेदवारांनाही. पाल, पुसेगाव, मांढरदेव, कुठलंही देवस्थान घ्या: आवारातल्या राजकीय प्रचाराला कलम ३ ची मनाई आहे, यात्रा-मिरवणुकीतल्या प्रचाराला कलम ६ ची. शिक्षा ५ वर्षांपर्यंत कैद आणि १०,००० रुपयांपर्यंत दंड. उल्लंघनाची खबर पोलिसांना देणं हे संस्थेच्या व्यवस्थापकाचंच कर्तव्य आहे (कलम ९), हे किती विश्वस्तांना ठाऊक आहे?

आमदार-खासदारांच्या निवडणुकीत धर्माच्या नावावर मतं मागितली, तर निवडणूक रद्द करण्यासाठी निकालापासून ४५ दिवसांत उच्च न्यायालयात याचिका करता येते. मतदाराच्या धर्माचा आधार घेणंही त्यात मोडतं, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये बहुमताने ठरवलं. पण तारीख, जागा, बोलणाऱ्याचं नाव याचिकेत नसेल तर ती तिथेच कोसळते. व्हॉट्सॲपवर फिरून आलेली चित्रफीतही पुरेशी नाही. मूळ मोबाइल किंवा चित्रफीत कुठल्या उपकरणातून कशी घेतली याचं प्रमाणपत्र लागतं.

आपला देव कुठल्याही पक्षाच्या दावणीला बांधलेला आम्हाला बघवत नाही. यात्रेच्या नियोजन बैठकीतच प्रशासनाने विश्वस्तांना ही कलमं मराठीत लेखी द्यावीत आणि पोच घ्यावी.

— एक भाविक मतदार, सातारा