सोफा धुतला, वास राहिला

वर्तकनगर, ठाणे (पश्चिम)
दि. १५ जुलै २०२५

प्रति,
व्यवस्थापक, ग्राहक सेवा विभाग

विषय: ५ जुलैच्या सोफा-सफाईनंतर वास वाढला व फोम खराब झाला, त्याबाबत तक्रार

महोदय,

माझे सासरे, अप्पा, ८१ वर्षांचे आहेत. प्रोस्टेटच्या ऑपरेशननंतर त्यांना कधीकधी लघवीवर ताबा राहत नाही. मे महिन्यात दोनदा हॉलमधल्या सोफ्यावरच झाली. बुकिंग करताना मी फोनवर हे सगळे सांगितले, संकोच बाजूला ठेवून सांगितले, कारण वास कशाचा आहे हे कळल्याशिवाय तो जायचा नाही. "मॅडम, शंभर टक्के जाईल," असे उत्तर मिळाले. थ्री प्लस वन प्लस वनचे २,४०० रुपये मी आगाऊ भरले. दुसऱ्या दिवशी आषाढी एकादशी, आमच्याकडे भजनाला बायका येणार, म्हणून मुद्दाम सकाळी दहाची वेळ घेतली होती.

तुमचा माणूस साडेचारला आला, तोही भर पावसात भिजत. त्याच्याकडच्या कामाच्या कागदावर फक्त 'सोफा शॅम्पू' एवढेच होते. मी फोनवर जे सांगितले त्यातला एक शब्दही त्याच्यापर्यंत पोचला नव्हता. त्या मुलाला मी दोष देत नाही, त्याचे ते दिवसातले पाचवे घर होते. पण वास कुठून येतोय हे कोणी पाहिले नाही, कुशनची चेन उघडली नाही. सगळ्या सीटवर सारखाच फेस केला, ब्रश मारला, पाणी ओढून घ्यायचे मशीन दोन-तीनदा फिरवले, वरून गुलाबाचा स्प्रे मारला. "पंखा लावून ठेवा, सकाळपर्यंत सुकेल," म्हणाला आणि गेला. जुलैत आमच्याकडे जाड टॉवेल दोन-दोन दिवस वाळत नाही. चार इंची फोम एका रात्रीत कसा वाळणार?

एकादशीला हॉलमध्ये गुलाब आणि त्याच्याखालून लघवी, असा दोन्हींचा मिळून वास येत होता. मी सतरंज्या घालून सगळ्यांना खालीच बसवले. मंगळवारपर्यंत त्यात कुबटपणाची भर पडली. तेव्हा मीच चेन उघडली. फोम दाबला तर चहाच्या रंगाचे पाणी बोटांमधून ओघळले. खोळीला आतून मोहरीएवढे काळे ठिपके पडले होते, बोट लावले की पसरत होते. ओल एक-दोन दिवस अडकून राहिली की बुरशी धरते, हे तुमच्या धंद्यात कोणाला सांगायला लागू नये.

मग वास शोधायचे काम मी केले. ओळखीच्या दुकानदाराकडून नोटा तपासायची जांभळ्या उजेडाची टॉर्च आणली आणि रात्री दिवे घालवून सोफा पाहिला. डिटर्जंटचे अंशही त्या उजेडात निळसर चमकतात, म्हणून तेवढ्यावर विसंबले नाही, प्रत्येक डागाशी नाक नेले. मधल्या सीटच्या मागच्या कडेला तळहाताएवढा पिवळट डाग, आणि तिथून ओघळ सीट व पाठीच्या फटीतून खालच्या प्लायपर्यंत गेलेला. तुमचा ब्रश त्या फटीत गेलाच नव्हता. लघवीतले युरिक ॲसिड साध्या पाण्यात जवळजवळ विरघळत नाही. ते फोममध्ये बसून राहते आणि हवा दमट झाली की पुन्हा वास सुटतो. त्याला एन्झाइमचे औषध लागते, तेही लघवी जितकी खोल गेली तितके खोल मुरवून, पुरेसा वेळ ठेवून आणि मग नीट वाळवून. तुम्ही पाणी वाढवलेत आणि वर सुगंध मारलात.

चार फोन केले. तीनदा "पावसाळा आहे मॅडम" आणि चौथ्यांदा पुढच्या सफाईवर २० टक्के सूट. मला सूट नको आहे.

अप्पांना वाटते की हा नवा वासही त्यांचाच आहे. आठ दिवस झाले, ते सोफ्यावर बसलेले नाहीत. गॅलरीतली प्लॅस्टिकची खुर्ची आत घेतात, तिच्यावर घडी करून टॉवेल अंथरतात आणि त्यावर बसून पेपर वाचतात. उठताना टॉवेल उचलून हळूच हुंगून बघतात. बुरशीचा वास तुमच्या कामामुळे आला हे मी त्यांना किती वेळा सांगितले, पण त्यांचा विश्वास बसत नाही.

माझे २,४०० रुपये परत करा. खोपटच्या सोफा-कारागिराने तीन सीटचा फोम आणि अस्तर बदलायचे ५,२०० सांगितले आहेत, तेही तुम्ही द्यायचे आहेत. फोटो आणि त्याचा कोटेशनचा कागद सोबत जोडला आहे. ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ प्रमाणे ही सेवेतील त्रुटी आहे. ३१ जुलैपर्यंत लेखी उत्तर आले नाही तर १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर नोंद करीन आणि ठाण्याच्या जिल्हा ग्राहक आयोगाकडे जाईन.

पाहणीसाठी कोणाला पाठवायचे असेल तर सकाळी अकरानंतर पाठवा, तेव्हा अप्पा खाली बागेत असतात. ते घरात असताना कोणी आलेच, तर त्यांच्यासमोर वासाबद्दल एक अक्षरही बोलू नये, एवढे त्या माणसाला आधी सांगून ठेवा.

आपली,
एक ग्राहक