चेहऱ्याखालचे नाव

मा. संपादक,
स. न.

सामान्य माणसांची छायाचित्रे टिपून त्यांतून देशाची ओळख उभी करू पाहणारी प्रदर्शने आणि पुस्तके वाखाणली जातात, आणि ते योग्यच आहे. मात्र अशा चित्राखाली 'शेतकरी', 'मजूर' किंवा नुसतेच 'आई' एवढे लिहिलेले दिसले की मला खटकते.

अमेरिकेतील महामंदीचे प्रतीक ठरलेले, डोरोथिया लँग यांनी मार्च १९३६ मध्ये कॅलिफोर्नियातील निपोमो येथे वाटाण्याच्या शेंगा तोडणाऱ्या मजुरांच्या तळावर काढलेले आईचे छायाचित्र पाहा. त्या बाईंनी आपले वय सांगितल्याचे लँग यांनी नोंदवले, पण त्यांनी नाव विचारले नाही. फ्लॉरेन्स ओवेन्स थॉम्पसन हे नाव लोकांसमोर आले ते १९७८ मध्ये, आणि त्या चेरोकी, म्हणजे तिथल्या मूळ रहिवाशांपैकी असल्याचेही त्यानंतरच बहुतेकांना उमगले. ज्या चेहऱ्यात लोकांनी चार दशके गोऱ्या अमेरिकेचे दैन्य पाहिले, तो चेहरा त्याच देशाने जमिनीवरून हुसकावलेल्या समाजातला होता! नाव विचारले असते, तर कदाचित हेही पुढे आले असते.

भारतात ब्रिटिशांनी १८६८ ते १८७५ या काळात आठ खंडांत जातीजमातींची छायाचित्रे प्रसिद्ध केली. त्यांतील माणसे नमुने म्हणूनच मांडलेली आहेत आणि सोबतच्या मजकुरात सबंध समाजांच्या स्वभावावर शेरे मारलेले आहेत.

माझ्या म्हणण्याला छेद देणारे एक उदाहरण आहे, ते दडवणे अप्रामाणिकपणाचे होईल. जर्मनीचे ऑगस्ट झांडर हेही बहुतेक चित्रांखाली केवळ व्यवसाय लिहीत; तरीही त्यांचा मिठाईवाला आपल्या भांड्यासह अशा ऐटीत उभा आहे की त्याला कोणी नमुना म्हणू धजणार नाही. १९२९ मध्ये त्यांची साठ व्यक्तिचित्रे पुस्तकरूपाने आली आणि १९३६ मध्ये नाझी राजवटीने त्या पुस्तकाचे छपाईचे ठसे नष्ट केले. एकाच आदर्श वंशाचा डांगोरा पिटणाऱ्यांना इतके निरनिराळे जर्मन चेहरे सोसवले नसावेत. पण झांडर यांची नजर प्रत्येकापाशी नसते.

आपल्या दैनिकातही सणावाराला, संपात, दुष्काळात अशी छायाचित्रे येतात. छायाचित्रकाराच्या नावाइतक्याच ठळकपणे, संमती असल्यास, चित्रातील व्यक्तीचे नावही छापावे आणि तिने ते देण्यास नकार दिला असल्यास तसे नमूद करावे, ही विनंती.

आपला,
एक नियमित वाचक