कोट जमला गं, सुमे

पॅरिस, रविवार रात्र

प्रिय सुमे,

दिवाळीला तू एवढं लांबलचक लिहिलंस आणि मी नुसता अंगठा पाठवला. शिव्या नंतर दे. तब्येत ठीक, गुडघा तसाच.

कोट जमला गं! सिनेमातल्या १८७० च्या सुमाराच्या शेतमजुराचा कोट, शिवून कोरा करकरीत आला होता. आमच्या डिझायनर बाई म्हणाल्या, हा याच्या बापानेही वापरलेला दिसला पाहिजे. मग कोपरं तारेच्या ब्रशने घासली, कडा सँडपेपरने झिजवल्या. ओला करून खिशांत दगड भरून टांगला, म्हणजे खिसे लोंबतात. कॉलरला मेण आणि तपकिरी रंग, घाम मुरल्यासारखा. गडी पावसात भिजतो, चिखलात पडतो, म्हणून तसेच तीन कोट, तिन्हींवर डाग त्याच जागी. सेटवर नटाने तो चढवला, खिशात हात घातला आणि त्याचे खांदे आपोआप उतरले. दिग्दर्शकाने तोंड उघडायच्या आत! कॉलेजात 'पुरुषोत्तम' करंडकाच्या वेळी तू दिल्याच्या धोतराला कडक इस्त्री मारलीस, तेव्हा मी का किंचाळले ते आता तरी पटलं? वर म्हणालीस, "कपडेपट म्हणजे धोबीघाट." विसरलेले नाही.

पण शूटिंग मध्येच थांबलंय. पैसे संपले, वसंतात बघू म्हणतात. इथे आम्हा सिनेमा-नाटकवाल्या तंत्रज्ञांना बेकारभत्ता हवा तर बारा महिन्यांत ५०७ तास काम भरावं लागतं. तास मोजायची माझी तारीख जवळ आली आणि तास कमी पडताहेत. रात्री उठून पगाराच्या पावत्या पुन्हा मोजते, जशा काही मोजून वाढणार आहेत. मध्ये दह्याच्या जाहिरातीत पांढरे शर्ट वाफेने सरळ केले. खूश? निव्वळ इस्त्री!

त्यात पोशाख भाड्याने देणाऱ्या एका गोदामातून कायमच्या नोकरीचं विचारलंय. ठरलेला पगार, रविवार मोकळा. काम म्हणजे परत आलेल्या कपड्यांची बटणं तपासायची नि हँगर लावायचे. बाई म्हणतात, एकदा तिथे शिरलीस की सेटवरून फोन येणं बंद. त्यांचं काय जातं बोलायला! पोशाखांना १९८५ पासून सेझार, म्हणजे इथला सिनेमाचा मोठा पुरस्कार, मिळतो, पण तो डिझायनरला. कॉलरचा घाम कोणी मुरवला ते येतं शेवटच्या नामावलीत, तोवर लोक पार्किंगमध्ये. तरी सांगते, बटणं मोजायच्या विचाराने पोटात गोळा येतो. आणि भाडं थकायच्या विचारानेही येतो.

परवा याच चिडीत दिग्दर्शक जाक दमीचा १९७० चा 'पो दान' हा सिनेमा पुन्हा पाहिला. त्यातल्या नायिकेचा, कातरीन दनव्हचा, एक झगा चक्क सिनेमाच्या पडद्याच्या कापडाचा आहे, त्यावर प्रोजेक्टरने ढग सोडलेत. गच्चीवर तुला चादर गुंडाळून आपण हेच केलं होतं की! फक्त आपल्याला वॉचमनने हाकललं.

आशूची दहावी यंदा ना? नवीन जागेत पाणी येतं का? सासूबाईंना नमस्कार.

गोदामाला शुक्रवारपर्यंत कळवायचंय. व्हॉइस नोट नको, सरळ फोन कर. नानाला यातलं काही बोलू नकोस, तो लगेच परतीचं तिकीट काढेल.

तुझी,
मंजी