मनीच्या पायाचं माप पाठवा

ग्रोस आयलेट, सेंट लुसिया
6 ऑक्टोबर 2024

ती. दादा आणि सौ. वहिनी यांस,

सप्रेम नमस्कार, वि. वि.

घट उगवून आले असतील. देवघरासमोर आबांची जागा रिकामी दिसत असेल, हे मला इथे बसून कळतं. परवा फोनवर वहिनी सहज बोलून गेली की आबा गेल्यापासून मनीने पळणं सोडलंय, स्टेडियमचं नाव काढलं तरी ती तोंड फिरवते. तेव्हा मला काही बोलता आलं नाही. नंतर रात्रभर झोप लागली नाही, म्हणून आज सुट्टीच्या दिवशी लिहायला बसले. जेवणं झाली की हे मोठ्याने वाचा. मनी आतल्या खोलीत असली तरी चालेल, तिला ऐकू जाऊ दे.

इथल्या एका मुलीची गोष्ट सांगायची आहे. तिचं नाव ज्युलियन आल्फ्रेड.

ज्युलियन राजधानी कॅस्ट्रीजजवळच्या सिसेरॉन नावाच्या वस्तीतली. जन्म 10 जून 2001 चा. हे बेट किती लहान आहे म्हणून सांगू! सगळी मिळून माणसं एक लाख ऐंशी हजारांच्या आसपास. आपल्या एकट्या कराड तालुक्यात याहून जास्त लोक राहतात. दादा, तुला हे बेट माहीत आहे ते रोहितमुळे. जूनमध्ये त्याने ऑस्ट्रेलियाविरुद्ध 41 चेंडूंत 92 केले ते इथेच, आमच्या ग्रोस आयलेटच्या मैदानावर. त्या मैदानाला डॅरेन सॅमीचं नाव आहे, तोही इथलाच. इथे क्रिकेटचं कौतुक आपल्यासारखंच. पळण्याला तेवढं कौतुक नव्हतं, ते या मुलीने मिळवलं.

लहानपणी ती अनवाणी पळायची, शाळेच्या गणवेशातच, वाट दिसेल तिकडे. शाळेतल्या मुलांनाही मागे टाकायची. तिच्या वडिलांचा तिच्यावर फार विश्वास होता. 2013 मध्ये ते गेले. तेव्हा ती बारा वर्षांची होती, दादा. आपली मनी आज आहे तेवढीच. आणि तिनेही पळणं सोडून दिलं.

तिला परत मैदानावर आणलं ते कथबर्ट मोडेस्ट या तिच्या इथल्या प्रशिक्षकांनी. पोरीत काय आहे ते त्यांनी पाहिलं होतं आणि ते तिला समजावत राहिले. ते थकले असते, ‘जाऊ दे, तिचं तिला कळेल’ म्हणाले असते, तर पुढचं काहीच घडलं नसतं. मला या सगळ्या गोष्टीत पदकापेक्षा हा माणूस मोठा वाटतो.

चौदाव्या वर्षी ती एकटी जमैकाला गेली, शिकायला आणि सरावाला. वहिनी, चौदाव्या वर्षी! मी सव्विसाव्या वर्षी विमानात बसले तरी आबांना सोडताना रडून रडून डोळे सुजले होते. तिथून पुढे अमेरिकेत टेक्सासच्या विद्यापीठात, एड्रिक फ्लोरियल या प्रशिक्षकांच्या हाताखाली. 2018 च्या युवा ऑलिंपिकमध्ये 100 मीटरला रौप्य मिळालं. पण वाट सरळ नव्हती. 2022 च्या जागतिक स्पर्धेत उपांत्य फेरीत तिचा पाय बंदुकीच्या आवाजाआधी सुटला आणि ती बाद झाली. काही आठवड्यांनी बर्मिंगहॅमच्या राष्ट्रकुल स्पर्धेत तीच मुलगी रौप्य घेऊन आली. 2023 च्या जागतिक स्पर्धेत 100 मीटरला पाचवी, 200 ला चौथी. पदक पुन्हा थोडक्यात हुकलं. मग या वर्षी मार्चमध्ये ग्लासगोला बंदिस्त मैदानावरची 60 मीटरची जागतिक शर्यत तिने 6.98 सेकंदांत जिंकली.

आता 3 ऑगस्ट. शनिवार होता. पॅरिसमध्ये रात्र, आमच्याकडे दुपारचे सव्वातीन वाजून गेलेले, तुमच्याकडे मध्यरात्र उलटलेली, तुम्ही गाढ झोपेत. हॉटेलच्या स्वयंपाकघरात माझ्या हाताला मैदा लागलेला, तसाच हात घेऊन मी टीव्हीपुढे धावले. भांडी घासणाऱ्या मावशी, बागकाम करणारे, झाडून सगळे तिथे दाटीवाटीने उभे. पॅरिसला पाऊस पडत होता, ट्रॅक ओला होता. शेजारी उभी होती अमेरिकेची शाकॅरी रिचर्डसन, जागतिक विजेती. बंदूक वाजली आणि पहिल्या पावलापासून ज्युलियन पुढे. मागे कुणी आहे असं वाटलंच नाही. 10.72 सेकंद. रिचर्डसन 10.87. शंभर मीटरमध्ये एवढं अंतर म्हणजे फार झालं. रेष ओलांडल्यावर तिने छातीवरचा नावाचा कागद ओरबाडून काढला आणि हातात धरून सगळ्यांना दाखवला.

इथल्या कुणालाही याआधी ऑलिंपिकचं पदक नव्हतं. कुठलंच नाही. 1996 पासून हा देश खेळाडू पाठवतोय आणि पहिलं पदक आलं ते थेट सोन्याचं, जगातल्या सगळ्यात वेगवान बाईचं. माझ्या शेजारच्या मावशी इथल्या क्वेयोल बोलीत काहीतरी ओरडत होत्या, मला एक शब्द कळला नाही, पण आम्ही दोघी गळ्यात पडून रडलो. रात्री उशिरापर्यंत गाड्यांचे भोंगे चालू होते. तीन दिवसांनी 200 मीटरला तिने रौप्यही मिळवलं, 22.08 सेकंदांत.

जिंकल्यावर ती वडिलांबद्दल बोलली आणि तिला रडू आवरेना. ते असते तर, एवढंच तिच्या मनात. त्या दिवशी सकाळी तिने वहीत लिहून ठेवलं होतं: ज्युलियन आल्फ्रेड, ऑलिंपिक विजेती. मनी, आबा तुझ्या वहीत तुझ्या वेळा लिहायचे ना? ती वही कुठे आहे?

ज्युलियनने आणखी एक गोष्ट बोलून दाखवली. या पदकामुळे आता आपल्या देशात नवं स्टेडियम व्हावं. त्यामागचं कारण मला इथे आल्यावर कळलं. दक्षिणेला व्ह्यू फोर्टला देशाचं स्टेडियम आहे. 2009 मध्ये तिथलं सेंट ज्यूड रुग्णालय आगीत जळालं, तेव्हा रुग्णांना स्टेडियमात हलवलं. पंधरा वर्षं झाली, रुग्णालय अजून तिथेच आहे. म्हणजे ही पोरगी मोठी झाली ती देशाचं मोठं स्टेडियम पेशंटांनी भरलेलं असताना. रुग्णांना तरी दुसरं कुठे ठेवणार होते? पण पोरांनी पळायचं कुठे, हेही खरंच आहे.

गेल्या महिन्यात ती घरी आली. 27 सप्टेंबर हा दिवस सरकारने तिच्या नावाने साजरा केला. लहान लहान मुली झेंडे घेऊन उभ्या होत्या. त्यांच्याकडे बघताना मला सारखी मनी आठवत होती.

आणि त्याच पॅरिसमध्ये, तिच्या आधी दोनच दिवस, आपल्या कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेने नेमबाजीत कांस्य घेतलं. मी पहाटे साडेतीनला उठून बघत होते. गोळेश्वरच्या पैलवान खाशाबा जाधवांनंतर बहात्तर वर्षांनी महाराष्ट्राच्या पोराला वैयक्तिक पदक. आबा खाशाबांचं किती रंगवून सांगायचे! प्राचार्य खर्डेकरांनी घर गहाण ठेवून सात हजार दिले, म्हणून खाशाबा 1952 ला हेलसिंकीला पोचले, आणि परत आले तेव्हा मिरवणुकीला शंभराहून जास्त बैलगाड्या. दर वेळी बैलगाड्यांपाशी आले की आबांचा आवाज जड व्हायचा. मोडेस्ट सरांबद्दल ऐकलं तेव्हा मला पहिले खर्डेकरच आठवले.

दादा, आता तुझ्याशी बोलते. मनीला पदक मिळावं म्हणून मी हे लिहीत नाही. पण ती आबांच्या लुनावर मागे बसून पहाटे जायची, आणि आता ती लुना नुसती उभी आहे. पोरीला वाटत असेल, आबांशिवाय तिथे गेलं तर आबा खरंच गेले असं होईल. मलाही गावी यायची तीच भीती वाटते. तू तिला पळ म्हणू नकोस. उद्या पहाटे फक्त लुना काढ, तिला मागे बसव आणि स्टेडियमच्या पायरीवर दोघं बसून या. चार दिवस बसा. दुकान तासभर उशिरा उघडलं तरी चालेल, पैशांचं मी बघते.

वहिनी, कोऱ्या कागदावर मनीचा पाय ठेवून पेन्सिलीने त्याची बाह्यरेषा काढ, दोन्ही पायांची, आणि फोटो पाठव. अंगठ्यापासून टाचेपर्यंतचं माप सेंटिमीटरमध्ये कडेला लिही. डिसेंबरमध्ये येताना खिळ्यांचे बूट आणते. पोरीचे पाय भराभर वाढतात, तेव्हा बोटभर जागा सोडून घेईन.

मनीला खूप खूप पापा.

तुमची,
आक्का