गाडी थांबवून ठेवल्याबद्दल

प्रिय दादा,

वयाने तू माझ्याहून पंधरा-सोळा वर्षांनी लहान असशील. रीतीप्रमाणे मी तुला अनेक उत्तम आशीर्वाद लिहायला हवेत, पण गेल्या मंगळवारपासून मनात जे आहे ते नमस्काराच्या जास्त जवळचं आहे. तेव्हा नमस्कारच. तुझ्या कॉम्प्युटर-झेरॉक्सच्या दुकानात मी तुला 'अहो दादा' म्हणत होते, आईने मात्र पायरी चढतानाच अरे-तुरे सुरू केलं. इथे आईच्या वाटेने जाते. तुझं नाव लिहीत नाही, दुकानाचंही नाही. तूच म्हणालास, "ताई, नाव टाकू नका, नाहीतर अख्खी सांगली माळ्यावरचे डबे घेऊन दारात उभी राहील."

आमचा कॉम्प्युटरचा डबा माळ्यावरच होता. २०१९ च्या ऑगस्टात सांगलीतल्या आयर्विन पुलाखाली कृष्णेचं पाणी ५७ फुटांवर गेलं, तेव्हा गावभागातल्या आमच्या घरातून आईने सगळ्यात आधी वर काय नेलं असेल तर धान्य नाही, गाद्या नाहीत, अण्णांचा, म्हणजे माझ्या वडिलांचा कॉम्प्युटर. तो तेव्हाच आठ-नऊ वर्षं बंद होता. अण्णा खालून ओरडत होते, "अगं, बंद पडलेला आहे तो!" आणि ही वरून, "मग काय झालं? बंद पडलेलं बुडवायचं असतं व्हय?"

अण्णा मिरज-कुर्डुवाडी नॅरोगेजवर गार्ड होते, हे तुला दुकानात सांगायचं राहूनच गेलं. अडीच फुटी रुळांची ती लाइन १८९७ मध्ये बार्शीपासून सुरू झाली आणि १९२७ मध्ये मिरजेला येऊन टेकली. १९५४ मध्ये सरकारने ती विकत घेतली, तरी जुनी माणसं शेवटपर्यंत तिला बार्शी लाइटच म्हणत. आरग, बेळंकी, सलगरे, कवठेमहांकाळ, लंगरपेठ, ढालगाव, जत रोड. आम्हा भावंडांना पाढ्यांच्या आधी ही स्टेशनं पाठ झाली. गार्डाने शिट्टी मारून हिरवा बावटा दाखवल्याशिवाय गाडी जागची हलत नाही, याचा अण्णांना फार अभिमान. "ड्रायव्हर इंजिन चालवतो, गाडी मी चालवतो," असं म्हणायचे. २०२२ मध्ये रेल्वेने गार्डांचं ट्रेन मॅनेजर केलं, तेव्हा पेपर वाचून खूप हसले होते. अण्णांना जाऊन आता दोन वर्षं झाली.

तो कॉम्प्युटर खरं तर आमच्या दादाच्या, माझ्या भावाच्या, इंजिनिअरिंगसाठी घेतलेला, विंडोज ९८ वाला. दादाच्या मित्राने त्यात ट्रान्सपोर्ट टायकून डिलक्स हा रूळ-स्टेशनं बांधून गाड्या चालवायचा गेम टाकून दिला. दादाला त्यात गोडी लागली नाही. अण्णांनी एका रात्री दोन गाड्यांची टक्कर पाहिली, चष्मा लावला आणि म्हणाले, "सरक. सिग्नल कुठे आहेत यात?" सिग्नल होते. दोन सिग्नलांमध्ये एक ब्लॉक, एका ब्लॉकात एकच गाडी. अण्णा जन्मभर जो नियम पाळत आले तोच नियम, स्कॉटलंडमध्ये बसून ख्रिस सॉयर नावाच्या माणसाने जवळजवळ एकट्याने लिहिलेल्या खेळात. तिथून पुढे रोज संध्याकाळी दिवेलागणीनंतर तासभर अण्णा ड्युटीवर. निवृत्त झाले तरी ड्युटी चालूच. पुढे नॅरोगेजचे रूळ उखडून ब्रॉडगेज टाकायचं काम निघालं. ते बघायला मिरजेतले त्यांचे सगळे जुने सोबती गेले, अण्णा गेले नाहीत. घरी बसून खेळात बांधलेल्या आपल्या लाइनवर, लंगरपेठला लूप लाइन (गाडी बाजूला घ्यायचा जादा रूळ) टाकत होते.

(त्या खेळात खेळण्यांच्या देशाचाही एक भाग आहे, त्यात साखर चक्क खाणीतून काढतात. साखर कारखान्यांच्या जिल्ह्यातल्या माणसाला हे कसं पटावं? अण्णांनी तो भाग एकदाच उघडला आणि "काय अडाणी लोक आहेत" म्हणून कायमचा बंद केला.)

अण्णांच्या वर्षश्राद्धानंतर आईने विषय काढला. तिला तो कॉम्प्युटर चालू करून हवा होता. गेम खेळायचा नव्हता, तिला माउस धरता येत नाही. तिला अण्णांची लाइन बघायची होती.

दादा, तुझ्याकडे येण्याआधी मी कुठेकुठे जाऊन आले ते सांगायलाच हवं. कुणाचं नाव घेत नाही, ज्याचं त्याला कळेल. पहिल्या दुकानात डबा काउंटरवर ठेवायच्या आतच हसले. "मॅडम, हा म्युझियमला द्या." दुसऱ्या ठिकाणी डबा तीन आठवडे ठेवून घेतला. फोन केला की "उद्या". शेवटी साडेचार हजार घेतले आणि एक पेनड्राइव्ह हातात दिला. त्यात दादाच्या लग्नाचे फोटो होते, लाइट बिलाची स्कॅन केलेली कागदपत्रं होती, गेम नव्हता. विचारलं तर म्हणाले, "गेम डेटात धरत नाहीत." हे वाक्य मी विसरायचा प्रयत्न करतेय, जमत नाही. वर, "डिस्क फॉरमॅट मारून देऊ का? तेवढीच वापरात येईल." मी नाही म्हणाले ते कसल्या पुण्याईने, देव जाणे.

तिसरा आमचाच दादा. पुण्यात आयटीत आहे. तो म्हणाला, "अगं, तसला गेम आता मोबाइलवर मिळतो. आईच्या फोनवर टाकून देतो नवा." टाकलाही. आईने तो हिरवागार, रिकामा नकाशा बघितला आणि फोन परत केला. "ह्यात स्टेशनं कुठं हायत?" दादावर माझा राग नाही. पण इतकं शिकूनही त्याला कळलं नाही की आईला गेम नको होता.

तू पहिल्यांदा काय केलंस? डिस्क बाहेर काढून दोन्ही हातांत धरलीस, कानाशी नेलीस आणि हलकेच हलवून ऐकलंस. मिरजेच्या सतारमेकर गल्लीत भोपळा वाजवून बघतात ना, अगदी तशी. म्हणालास, "आवाज तर बरा आहे. आधी एक प्रत काढू, मग हात लावू." मला तिथेच निम्मं हायसं वाटलं.

पुढे तू काय काय केलंस ते मला नीट सांगता येणार नाही, सांगत बसणारही नाही. एवढं समजलं की जुन्या गेमचा इन्स्टॉलर सोळा बिटचा, आताच्या चौसष्ट बिटच्या विंडोजवर तो उघडायलाच तयार होत नाही. पण त्याच गेमची नवी आवृत्ती आहे, ओपन टीटीडी. लुडविग स्ट्रिगेउस नावाच्या एका स्वीडिश माणसाने मूळ गेम आतून उलगडून पुन्हा लिहिला आणि २००४ मध्ये लोकांसाठी मोकळा केला. तेव्हापासून कोण कुठले लोक त्यात भर घालत आलेत. पूर्वी नकाशाची एक बाजू २५६ घरांची असायची, आता चार हजारांच्या वर जाते. तुझ्या संगणकावर होती ती चौदावी की पंधरावी आवृत्ती, तीही फुकट. आणि ती आवृत्ती १९९५ च्या गेममध्ये जतन केलेली फाइलसुद्धा वाचते.

या गोष्टीवर मी अजून अडकून आहे. नव्या वस्तूने जुनीला ओळख दाखवायची नाही, हा हल्लीचा धर्म. फोन बदलला की चार्जर बदलतो, बँकेचं ॲप बदललं की जुना पासवर्ड गुन्हेगार ठरतो. आणि इथे वीस वर्षांहून जास्त काळ, पगार नाही, ओळख नाही, तरी कुणीतरी दर आवृत्तीत तेवढ्या ओळी सांभाळून ठेवल्या. का, तर न जाणो, कुणीतरी तीस वर्षांपूर्वीची फाइल घेऊन येईल. स्टँडवरून गाडी काढताना आरशात पळत येणारी म्हातारी दिसली म्हणून ब्रेक मारणारे एसटीचे ड्रायव्हर मी पाहिले आहेत. हे लोक त्यांच्याच जातकुळीतले. त्यांना ही म्हातारी दिसलेलीसुद्धा नव्हती.

तर मंगळवारी दुपारी तुझा फोन आला. "ताई, फाइल सापडली. उघडते आहे. तुम्ही काकूंना घेऊनच या." मी आधी एकटीच धावले, आईला रिक्षाने यायला सांगितलं. तू माझ्यासमोर फाइल उघडलीस. एका सेकंदात सगळं आलं. हिरवे डोंगर, रूळ, इंग्रजी अक्षरांत ठोकून ठोकून लिहिलेली नावं. कवठे, लंगरपेठ, जत रोड. झाडंसुद्धा तीच. चित्रांच्या फाइली त्याच डिस्कवरून घेतल्या, म्हणजे काकूंना ओळखीचं दिसेल, असं तू नंतर सहज बोलून गेलास. एक छोटी गाडी सलगऱ्याहून निघाली होती.

आणि तू पॉज केलास.

मी काही बोलले नव्हते. मला सुचलंही नसतं, मी तर त्या गाडीकडे बघतच राहिले होते. तुझं बोट आधी तिकडे गेलं आणि मग तू म्हणालास, "उघडला की वेळ पुढे जायला लागते ताई. ही तारीख काकांनी सोडलेली आहे. काकूंना येऊ दे." पडद्याच्या खाली मधोमध तारीख होती, ११ ऑगस्ट १९९३. गेममधली तारीख, खऱ्या आयुष्याशी तिचा काही संबंध नाही. पण अण्णा ज्या दिवशी शेवटचे उठले तो गेममधला दिवस तोच. आणखी दोन-तीन मिनिटं चालू राहिला असता तर ऑक्टोबर उजाडला असता. कुणाला कळलं असतं? मला नाही, आईला तर नाहीच.

पंचवीस मिनिटं लागली आईला. मंगळवारचा बाजार, रिक्षा अडकलेली. तेवढ्या वेळात तुझ्याकडे झेरॉक्सवाले चार जण, पॅनकार्डवाला एक, आणि रिचार्ज झाला नाही म्हणून भांडणारे एक आजोबा येऊन गेले. तू त्या कॉम्प्युटरला कुणाला हात लावू दिला नाहीस, स्वतःही लावला नाहीस. प्रिंटसाठी आत मागच्या मशीनकडे पळत होतास. आई आली, तिला तू स्वतःची खुर्ची दिलीस, अक्षरं मोठी केलीस आणि म्हणालास, "काकू, बघा सावकाश. मी चहा सांगून येतो." चहावाला समोरच होता, हाक मारली असती तरी आला असता. तू दहा मिनिटांनी आलास.

त्या दहा मिनिटांत काय झालं ते तुला माहीत नाही, म्हणून लिहिते.

आईने चष्मा पुसला. मिरजेपासून बोट ठेवत निघाली, एकेक स्टेशन वाचत. वाचत म्हणजे ओळखत, इंग्रजी अक्षरं तिला तुटकच येतात. ढालगावला थांबली. ढालगाव तिचं माहेर. खऱ्या ढालगावला स्टेशन ते केवढं, पण अण्णांनी तिथे सहा फलाट बांधले होते. त्याच नकाशातल्या मिरजेलाही एवढे नव्हते. शेजारी एक लांब राखाडी पट्टा. मला विचारलं, हे काय? मी म्हटलं, "आई, विमानतळ आहे तो." आई माझ्याकडे बघतच राहिली. मग म्हणाली, "ढालगावला इमानतळ? आन् मला जन्मात एकदा तरी बसवलं का इमानात?" आणि पदर तोंडाला लावून हसायला लागली. अण्णा गेल्यापासून तिला असं हसताना मी पाहिलं नव्हतं. मग त्या हसण्याचंच रडू झालं, मग परत हसू. तू चहा घेऊन आलास तेव्हा ती डोळे पुसत होती आणि तू काहीही न विचारता ग्लास तिच्यापुढे ठेवलास.

मी म्हटलं, आई, गाडी सोडायची का? तर म्हणाली, "गार्ड नाही, गाडी कशी सुटंल?" तुला ते कळलं नसेल, पण तू मान हलवलीस आणि पॉज काढला नाहीस. आता कळेल.

निघताना तू दोन प्रती दिल्यास. एकीवर चिकटपट्टी लावून पेनाने लिहिलंस, 'काका – हात लावू नये'. दुसरीवर 'चालवायला'. आणि अडीचशे रुपये घेतलेस, पावतीसकट. पैशांबद्दल वेगळे आभार. फुकट केलं असतंस तर आईला ते ओझं झालं असतं आणि मग दर सणाला तुझ्या दुकानात डबे पोचवावे लागले असते. ते ती तशीही पोचवणार आहे, पण आता आवडीने. गौरीच्या करंज्या काढून ठेवल्यात.

आता एक काम. आई रोज दिवेलागणीनंतर लॅपटॉप माझ्याकडून उघडून घेते, अर्धा तास बघते आणि मिटायला सांगते. 'चालवायला' लिहिलेली प्रत अजून चालवू दिलेली नाही. पण काल रात्री तिने विचारलं, "त्या पोराला इचार, तिथं एखादं इमान हाय का, का नुसताच बांधून ठेवलाय?" मी माउसने खूप शोधलं, मला काही कळलं नाही. रविवारी दुकान उघडं असतं का? आम्ही दुपारच्या आत येतो.

तुझी,
गावभागातली ताई