खालच्या मजल्यावरची रात्र

क्वीन्स, न्यूयॉर्क

तीर्थरूप आबा आणि आईस,
साष्टांग नमस्कार.

फोनवर आई रडायलाच लागली, म्हणून लिहितोय. आम्ही दोघं धडधाकट आहोत, साधा ओरखडाही नाही.

खालच्या मजल्यावरच्या एकाने सुरा घेऊन स्वतःच्या मेव्हण्यालाच घरात कोंडलं होतं. पोलिसांनी लिफ्ट बंद केली, आम्हाला दार लावून बसायला सांगितलं. मला वाटलं, आता दार फोडणार. कसलं काय! एक पोलीस बाई बंद दाराशी रात्रभर बोलत राहिल्या. जिन्यातून सगळं ऐकू यायचं. तो शिव्या घालायचा, त्या विचारायच्या, "बरं, मग पुढं काय झालं?" त्याने गाडी मागितली. हो नाही, नाहीही नाही, "साहेबांना विचारते." यातच खरी मेख आहे. बोलणाऱ्याच्या हातात निर्णय ठेवतच नाहीत आणि निर्णय घेणारा दाराशी फिरकत नाही. तेवढा वेळ जातो, डोकं निवतं.

त्याची बायको खाली रस्त्यावर रडत होती, तिला वर सोडलं नाही. आपल्या शिवाजी पेठेत पहिला निरोप मामाला गेला असता आणि तालमीची पोरं निम्म्या जिन्यात चढली असती! पण भांडण ज्यांच्याशी, तेच समोर आले की माणूस जास्त पेटतो. म्हणून इथे नातेवाइकांना शक्यतो लांबच ठेवतात.

त्या बाई ज्या पथकातल्या, ते ओलीस धरणाऱ्यांशी बोलणी करणारं न्यूयॉर्क पोलिसांचं पथक 1973 सालचं. आदल्या वर्षी म्युनिक ऑलिम्पिकमध्ये सुटकेच्या धडपडीत ओलीस धरलेले नऊही इस्रायली जीवानिशी गेले, त्याचा इथल्या पोलिसांनी धसका घेतला. मानसशास्त्रात डॉक्टरेट केलेला हार्वी श्लॉसबर्ग नावाचा पोलीस आणि फ्रँक बोल्झ नावाचा अधिकारी, या दोघांनी ही पद्धत बसवली. 'टॉक टू मी' हे पथकाचं ब्रीद.

आबा, वाटणीच्या भांडणात तुम्ही तंबाखू मळत तासभर नुसतं ऐकत बसायचा, तेव्हा दादा किती चिडायचा! त्या रात्री तो इथे हवा होता.

पहाटे त्या सुरेवाल्याने मेव्हण्याला सोडलं, मग सुरा दाराबाहेर सरकवला. लिफ्ट मात्र दुपारपर्यंत बंदच, चार मजले पिशव्या घेऊन चढलो.

आई, घर बदल म्हणू नकोस, या भाड्यात इथे खुराडंसुद्धा मिळायचं नाही. कांदा-लसूण चटणी संपत आलीय, कुणी येणार असेल तर तेवढी पाठव.

तुमचा,
बाळू